वाचकांचे प्रश्न : इलेक्ट्रॉनच्या तरंगसमीकरणात उणे एकचे वर्गमूळ कशासाठी?

पुंजयामिकीतील, म्हणजेच क्वांटम मेकॅनिक्समधील, तरंगसमीकरणांविषयी खानदेशातील वाचकांनी पाठवलेल्या प्रश्नांपैकी काही या अंकात घेतले आहेत. इलेक्ट्रॉनचे तरंगसमीकरण म्हणजे भौतिकशास्त्रज्ञ एर्विन श्रोडिंगर यांचे समीकरण, आणि अवकलज म्हणजे एखाद्या राशीच्या बदलाचा दर (डेरिव्हेटिव्ह). समीकरणे चिन्हांत न छापता शब्दांत लिहिली आहेत. ज्यांच्याजवळ पाठ्यपुस्तक आहे त्यांनी ते शेजारी उघडून ठेवल्यास वाचन सोपे जाईल.

प्रश्न : ताणलेल्या तारेवरील तरंगाच्या समीकरणात काळाचाही दुसरा अवकलज असतो आणि अंतराचाही दुसराच. श्रोडिंगरच्या समीकरणात मात्र काळाचा पहिला, अंतराचा दुसरा आणि शिवाय उणे एकचे वर्गमूळ. वर्गात ‘हे गृहीत धरा’ एवढेच सांगण्यात आले. ते गृहीतच धरावे लागते काय?
— पदवी वर्गातील एक विद्यार्थिनी, अमळनेर

उत्तर : सगळेच गृहीत धरावे लागत नाही. दोन गोष्टी मान्य केल्या की समीकरणाचा आकार जवळजवळ ठरूनच जातो. पहिली गोष्ट म्हणजे लुई द ब्रॉग्ली यांनी १९२४ सालच्या प्रबंधात मांडलेला संबंध : कणाची ऊर्जा त्याच्या तरंगाच्या वारंवारतेच्या प्रमाणात असते, संवेग (वस्तुमान × वेग) तरंगलांबीच्या व्यस्त प्रमाणात असतो, आणि दोन्ही ठिकाणी स्थिरांक प्लांकचाच असतो. दुसरी गोष्ट शाळेपासून परिचयाची आहे : मुक्त कणाची ऊर्जा = संवेग² ÷ (२ × वस्तुमान).

आता अवकलज काय करतो ते पाहू. तरंगाचा काळानुसार एकदा अवकलज घेतला की वारंवारता एकदा गुणक म्हणून बाहेर पडते. अंतरानुसार घेतला की तरंगसंख्या, म्हणजे तरंगलांबीच्या व्यस्त प्रमाणातली राशी, बाहेर पडते. तारेवरील तरंगाची वारंवारता तरंगसंख्येच्या सरळ प्रमाणात असते आणि तरंग डावीकडेही जाऊ शकतो व उजवीकडेही, त्यामुळे दोन्हींच्या वर्गांची बरोबरी मांडावी लागते. द’आलंबेर यांनी १७४७ साली मांडलेल्या समीकरणात दोन्ही बाजूंना दुसरा अवकलज येतो तो यामुळेच. इलेक्ट्रॉनच्या बाबतीत मात्र ऊर्जा संवेगाच्या वर्गाच्या प्रमाणात असल्यामुळे वारंवारता एकदा आणि तरंगसंख्या दोनदा बाहेर काढणे भाग आहे. काळाचा पहिला आणि अंतराचा दुसरा अवकलज हा श्रोडिंगर यांच्या आवडीनिवडीचा भाग नव्हता. तो गतिज ऊर्जेच्या सूत्रातूनच आला आहे.

अडचण यानंतर सुरू होते. ज्या-फलनाचा (साइन) दोनदा अवकलज घेतला तर पुन्हा ज्या-फलन मिळते, पण एकदाच घेतला तर कोज्या (कोसाइन) मिळते. म्हणजे समीकरणाच्या एका बाजूला कोज्या आणि दुसऱ्या बाजूला ज्या अशी स्थिती होते, आणि ही बरोबरी सर्व ठिकाणी व सर्व वेळी टिकणे अशक्य असते. एकदाच अवकलज घेऊन स्वतःच्याच पटीत परत मिळते ते घातांकी फलन. परंतु साधे घातांकी फलन एक तर वाढत जाते किंवा विझत जाते, ते आंदोलन करीत नाही. घातांकात उणे एकचे वर्गमूळ घातले की दोन्ही अटी एकदम पुऱ्या होतात.

ते वर्गमूळ काढून टाकले तर जे उरते ते उष्णतावहनाचे समीकरण होय, आणि खानदेशातील धाब्याच्या जुन्या घरांच्या जाड मातीच्या भिंती हे समीकरण रोज सोडवीत असतात. मे महिन्यात बाहेर पारा ४५ अंशांच्या घरात असताना दिवसरात्रीच्या तापमानाचा चढउतार भिंतीत शिरतो खरा, पण दर दहाबारा सेंटिमीटरला त्याचा आयाम साधारण एकतृतीयांशावर येत जातो आणि हातभर जाडीच्या भिंतीच्या आतल्या बाजूस तो जेमतेम जाणवतो. उष्णतेचे समीकरण प्रत्येक चढउतार सपाट करते आणि पूर्वीची नक्षी पुसून टाकते. श्रोडिंगरच्या समीकरणात अवकलज तेच आणि तेवढेच आहेत, पण त्या एका गुणकामुळे काहीही पुसले जात नाही; जे क्षीण झाले असते ते फिरत राहते.

‘फिरत राहते’ हे येथे शब्दशः घ्यावे. संमिश्र संख्या, म्हणजे उणे एकचे वर्गमूळ असलेल्या संख्या, मनाला खटकत असतील तर तरंगफलनाच्या, म्हणजे इलेक्ट्रॉनचा तरंग दर्शवणाऱ्या फलनाच्या, जागी दोन वास्तव फलने लिहावीत : पहिल्याच्या बदलाचा दर दुसरे ठरवते आणि दुसऱ्याच्या बदलाचा दर पहिले ठरवते, फक्त एका ठिकाणी चिन्ह उणे असते. त्या उण्या चिन्हामुळेच दोघांच्या वर्गांची बेरीज, सर्व ठिकाणची मिळून, काळानुसार बदलत नाही. माक्स बोर्न यांनी १९२६ मध्ये या बेरजेचा अर्थ इलेक्ट्रॉन सापडण्याची संभाव्यता असा लावला, आणि एकूण संभाव्यता नेहमी एकच राहिली पाहिजे ही मागणी समीकरणाने आधीच पुरी केलेली आढळली. माझ्या मते या समीकरणातील सर्वांत मोलाची गोष्ट हीच आहे, आणि ती ‘गृहीत धरा’ म्हटल्याने विद्यार्थ्यांपासून दूर राहते.

स्वतः श्रोडिंगर यांना हा गुणक रुचला नव्हता. १९२६ सालच्या त्यांच्या निबंधमालेतील सुरुवातीच्या समीकरणांत तो नाही. काळासह लिहिलेले आणि उणे एकचे वर्गमूळ असलेले समीकरण चौथ्या निबंधात येते. त्याच सुमारास ज्येष्ठ भौतिकशास्त्रज्ञ लोरेंट्स यांना लिहिलेल्या पत्रात त्यांनी संमिश्र संख्यांच्या वापराबद्दलची नापसंती स्पष्टपणे नोंदवली होती. वर सांगितलेल्या दोन वास्तव फलनांपैकी एकाचे निरसन करून त्यांनी पूर्णपणे वास्तव समीकरणही मिळवले होते, पण त्यात काळाचा दुसरा आणि अंतराचा चौथा अवकलज येतो. मुक्त कणासाठी त्याचा आकार वाकणाऱ्या पोलादी पट्टीच्या कंपनांच्या समीकरणासारखाच आहे, तरी अणूच्या गणितात ते बोजड ठरते आणि कोणी वापरीत नाही.

विषय निघालाच आहे म्हणून खानदेशापुरती एक नोंद. चाळीसगावजवळच्या पाटण येथे तेराव्या शतकाच्या प्रारंभीचा एक शिलालेख आहे. भास्कराचार्यांच्या ग्रंथांचा अभ्यास चालावा यासाठी त्यांचे नातू चांगदेव यांनी मठ स्थापल्याची हकीकत त्यात कोरलेली आहे. ज्या ‘बीजगणिता’चे अध्ययन तेथे होत असणार, त्यात भास्कराचार्य स्वच्छ सांगतात की ऋण राशीला मूळ नसते, कारण ती कोणाचाही वर्ग नसते. यावरून पूर्वजांना पुंजयामिकी ठाऊक होती असे म्हणणे जितके पोकळ, तितकेच ते चुकले असे म्हणणेही गैर. संख्यारेषेवर असे मूळ खरोखरच नाही. ते रेषेबाहेर, काटकोनात वळल्यावर सापडते, आणि ही भौमितिक मांडणी कॅस्पर वेसेल यांच्या १७९९ साली छापलेल्या निबंधात प्रथम आढळते.

प्रश्न : तरंगलांबी आणि वारंवारता यांचा गुणाकार म्हणजे वेग. द ब्रॉग्लींची सूत्रे त्यात घातल्यावर इलेक्ट्रॉनचा वेग निम्माच येतो. चूक कोठे आहे?
— एक वाचक, नंदुरबार

उत्तर : आकडेमोडीत चूक नाही. या गुणाकाराने एकेका शिखराचा वेग मिळतो, आणि कमी वेगाच्या कणासाठी तो कणाच्या वेगाच्या निम्मा असतो. इलेक्ट्रॉन म्हणून जे पुढे सरकते तो अनेक तरंगलांब्यांचा मिळून झालेला पुंजका असतो. त्याचा वेग म्हणजे वारंवारतेचा तरंगसंख्येनुसार अवकलज, आणि संवेगाच्या वर्गाचा अवकलज घेताना जो दोनचा गुणक येतो तो हा निम्मेपणा भरून काढतो. शिखरे पुंजक्याच्या पुढच्या टोकाशी उगवत आणि मागच्या टोकाशी विझत राहतात.

प्रश्न : ऊर्जा ठरावीक टप्प्यांनीच मिळते, हा नियम समीकरणात कोठेही लिहिलेला दिसत नाही. मग उत्तरात टप्पे कोठून येतात?
— माध्यमिक शाळेतील एक विज्ञान शिक्षक, शिरपूर

उत्तर : टप्पे समीकरणात नाहीतच, ते सीमांवरील अटींतून येतात. दोन्ही टोकांना घट्ट बांधलेल्या तारेवर अर्ध्या तरंगांची पूर्ण संख्याच बसू शकते. इलेक्ट्रॉन १ नॅनोमीटर रुंदीच्या, भिंती ओलांडता न येणाऱ्या पेटीत कोंडला तर त्याच्या तरंगफलनालाही भिंतींवर शून्य व्हावे लागते, आणि मान्य ऊर्जा सुमारे ०.३८, १.५० आणि ३.३८ इलेक्ट्रॉन व्होल्ट अशा, पूर्णांकांच्या वर्गांच्या पटीत येतात. भिंती काढून घेतल्या की टप्पेही जातात : मुक्त इलेक्ट्रॉनला कोणतीही ऊर्जा चालते. ‘पुंजयामिकीत सर्व काही टप्प्याटप्प्यांनीच असते’ हे लोकप्रिय लेखांतील वाक्य म्हणूनच बरोबर नाही, आणि विद्यार्थ्यांना ते तसेच सांगू नये अशी विनंती आहे.

हायड्रोजनच्या अणूला भिंती नाहीत, तरीही टप्पे आहेत, आणि श्रोडिंगर यांच्या पहिल्या निबंधाचे खरे यश येथे आहे. तेथे अट एवढीच, की केंद्रकापासून अतिदूर अंतरावर तरंगफलन शून्याकडे गेले पाहिजे, नाहीतर इलेक्ट्रॉन अणूत असण्याला अर्थच उरत नाही. आपल्याकडे संगणक असेल तर हे प्रत्यक्ष पाहता येते. एखादी ऋण ऊर्जा मनाने धरावी आणि केंद्रकापासून बाहेरच्या दिशेने पायरीपायरीने समीकरण सोडवीत जावे. ऊर्जा −१३.६ इलेक्ट्रॉन व्होल्टच्या किंचित खाली धरली तर फलनाचे शेपूट दूरवर वरच्या दिशेने उधळते. किंचित वर धरली तर ते शून्य ओलांडून खालच्या दिशेने उधळते. या दोहोंच्या मध्ये अगदी एकाच मूल्याला ते शांतपणे शून्याकडे जाते. पुढची अशी मूल्ये −३.४ आणि −१.५१ येथे सापडतात, आणि या दोहोंतील १.८९ इलेक्ट्रॉन व्होल्टचा फरक म्हणजेच हायड्रोजनच्या वर्णपटातील ६५६ नॅनोमीटरची लाल रेषा. बोर यांनी १९१३ मध्ये हेच आकडे काढले होते, पण कक्षा निवडण्याचा नियम त्यांना वरून घालावा लागला होता.

हे गणित तेव्हाही सोपे नव्हते. झुरिकमधील गणितज्ञ हेर्मान वाइल यांच्याकडून मिळालेल्या मदतीचा उल्लेख श्रोडिंगर यांनी त्या निबंधात केला आहे.

प्रश्न : मुक्त कणाचा पुंजका काळानुसार पसरत जातो असे वाचले. मग अंगणातला दगड पसरत का नाही?
— रेल्वेतील एक निवृत्त कर्मचारी, भुसावळ

उत्तर : पसरण्याचा वेग वस्तुमानावर आणि पुंजका सुरुवातीला किती अरुंद होता यावर अवलंबून असतो, आणि येथे आकडेच बोलके आहेत. ०.१ नॅनोमीटर, म्हणजे अणूच्या आकाराएवढ्या जागेत असलेला इलेक्ट्रॉन मोकळा सोडला तर पुंजक्याची रुंदी सुमारे ०.३ फेम्टोसेकंदात, म्हणजे सेकंदाच्या एककोटीव्या भागाच्या सुमारे तीनअब्जांश भागात, दुप्पट होते. १ ग्रॅमच्या खड्याची जागा १ मिलिमीटरच्या मर्यादेत ठाऊक आहे असे धरले तर रुंदी दुप्पट होण्यास सुमारे दहा हजार कोटी कोटी वर्षे लागतील. विश्वाचे वय सुमारे १,३८० कोटी वर्षे आहे. खरा दगड तर एकाकीही नसतो : हवेचे रेणू आणि प्रकाश त्याच्यावर सतत आदळत असल्यामुळे मुक्त कणाचे समीकरण त्याला जसेच्या तसे लावताच येत नाही.

इलेक्ट्रॉनही नेहमी झपाट्याने पसरतो असे नाही. प्रयोगशाळेतील निर्वात नळीत पुंजका सुरुवातीस ०.१ मिलिमीटर रुंद असेल तर तो दुप्पट होण्यास सुमारे ०.३ मिलिसेकंद लागतात, आणि २,००० व्होल्टने गती दिलेला इलेक्ट्रॉन ३० सेंटिमीटरची नळी सुमारे ११ नॅनोसेकंदांतच पार करतो. म्हणूनच पडद्यावर नेमका ठिपका उमटतो. अणूतला इलेक्ट्रॉन न पसरण्याचे कारण मात्र वेगळे आहे. तेथे केंद्रकाचे आकर्षण त्याला धरून ठेवते.

प्रश्न : गतिज ऊर्जेचे सूत्र सापेक्षता सिद्धांतात बदलते. मग श्रोडिंगरचे समीकरण चुकीचे मानायचे काय?
— पदव्युत्तर वर्गातील एक विद्यार्थी, जळगाव

उत्तर : ते मर्यादित मानायचे. पहिल्या उत्तरातील पद्धत येथेही तशीच लावून पाहावी. सापेक्षतेनुसार ऊर्जेचा वर्ग हा दोन राशींची बेरीज असतो : संवेग × प्रकाशवेग या गुणाकाराचा वर्ग आणि वस्तुमान × प्रकाशवेग² या स्थिर ऊर्जेचा वर्ग. यातून समीकरण लिहिले की काळाचा दुसरा अवकलज परत येतो. श्रोडिंगर यांनी प्रथम हेच समीकरण हायड्रोजनला लावून पाहिले होते, पण वर्णरेषांची सूक्ष्म रचना त्यातून बरोबर येईना, म्हणून त्यांनी ते बाजूला ठेवले. पुढे १९२६ मध्येच ते क्लाइन आणि गॉर्डन यांच्या नावाने प्रसिद्ध झाले. त्याची गणितीय अडचण अशी, की काळाचा दुसरा अवकलज असल्यामुळे सुरुवातीला तरंगफलन आणि त्याच्या बदलाचा दर अशा दोन्ही गोष्टी स्वतंत्रपणे द्याव्या लागतात, आणि जी राशी एकूण कायम राहते ती काही ठिकाणी ऋणही होऊ शकते. ऋण संभाव्यतेला काही अर्थ नाही.

डिरॅक यांनी १९२८ मध्ये काळाचा पहिलाच अवकलज राहावा असा आग्रह धरला. त्यासाठी त्या बेरजेचे वर्गमूळ संवेगाच्या घटकांत पहिल्या घाताने लिहिता आले पाहिजे, आणि वर्ग केल्यावर मिश्र पदे उरता कामा नयेत. मिश्र पदे तेव्हाच जातात जेव्हा दोन सहगुणकांचा गुणाकार क्रम उलटताच चिन्ह बदलतो. कोणत्याही शून्येतर संख्या असे वागत नाहीत. चार ओळी आणि चार स्तंभांचे आव्यूह (मॅट्रिक्स, म्हणजे संख्यांचे चौकोनी तक्ते) तसे वागतात. त्यामुळे तरंगफलनालाही चार घटक द्यावे लागले, आणि इलेक्ट्रॉनचे स्पिन (त्याचा अंगभूत कोनीय संवेग) व त्याचे चुंबकीय आघूर्ण (चुंबकत्वाचे माप) ही दोन्ही, वरून काहीही न घालता, समीकरणातून बाहेर आली. ऋण ऊर्जेची उत्तरे मात्र राहिलीच. त्यांचा अर्थ लावताना डिरॅक यांनी १९३१ मध्ये धन विद्युत्भाराच्या प्रतिइलेक्ट्रॉनचे भाकीत केले, आणि १९३२ मध्ये अँडरसन यांना विश्वकिरणांत पॉझिट्रॉन सापडला. क्लाइन–गॉर्डन समीकरणही वाया गेले नाही : पाउली आणि वाइसकॉफ यांनी १९३४ मध्ये दाखवून दिले, की कायम राहणारी ती राशी संभाव्यतेऐवजी विद्युत्भाराची घनता मानल्यास स्पिन शून्य असलेल्या कणांसाठी ते निर्दोष आहे.

हायड्रोजनमध्ये इलेक्ट्रॉनचा वेग प्रकाशवेगाच्या सुमारे १/१३७ असल्यामुळे श्रोडिंगरच्या उत्तरातील चूक ऊर्जेच्या काही लाखांश भागांएवढीच असते. जड अणूंत ही सूट मिळत नाही. सोन्याच्या केंद्रकात ७९ प्रोटॉन असतात, आणि अगदी आतल्या इलेक्ट्रॉनांचा वेग प्रकाशवेगाच्या निम्म्याहून अधिक होतो. त्याच्या परिणामी बाहेरच्या कक्षकांच्या ऊर्जाही सरकतात आणि सोने सुमारे २.४ इलेक्ट्रॉन व्होल्टपासून पुढचा, म्हणजे निळा-जांभळा प्रकाश शोषू लागते. चांदीत हे शोषण अतिनील भागात सुरू होते, म्हणून ती पांढरी दिसते. सापेक्षता वगळून केलेल्या गणितात सोनेही चांदीसारखेच पांढुरके ठरते. जळगावच्या सराफ बाजारात पिवळेपणावरून मालाची जी पारख होते तिचे मूळ असे डिरॅकच्या समीकरणात आहे.

प्रश्न : घरच्या साध्या संगणकावर श्रोडिंगरचे समीकरण सोडवता येईल काय? माझ्या प्रयत्नांत तरंगफलन काही पायऱ्यांनंतर भलतेच वाढत जाते.
— संगणकाची आवड असलेले एक वाचक, धुळे

उत्तर : एका मितीत सहज येते. आपण बहुधा ‘आताचे मूल्य अधिक दर गुणिले कालांतर’ ही सरळ पद्धत वापरली असावी. उष्णतेच्या समीकरणाला, कालांतर पुरेसे लहान ठेवल्यास, ती चालते. श्रोडिंगरच्या समीकरणाला कालांतर कितीही लहान घेतले तरी ती दर पायरीला एकूण संभाव्यता थोडी वाढवते. प्रत्येक पायरीत फिरण्याऐवजी आपण वर्तुळाच्या स्पर्शरेषेवरून पुढे जातो, आणि स्पर्शरेषा नेहमी वर्तुळाबाहेरच नेते.

यावर उपाय म्हणजे दर ठरवताना आताचे आणि पुढचे अशा दोन्ही मूल्यांची सरासरी घेणे. क्रँक आणि निकल्सन यांनी १९४७ साली ही पद्धत मांडली ती उष्णतावहनासाठीच होती, पण श्रोडिंगरच्या समीकरणात ती अधिकच शोभते, कारण तिच्यात एकूण संभाव्यता प्रत्येक पायरीला तंतोतंत कायम राहते. पुढचे मूल्य दोन्ही बाजूंना येत असल्यामुळे दर पायरीला एकघाती समीकरणांचा संच सोडवावा लागतो. त्याच्या आव्यूहात मधला कर्ण आणि त्याच्या शेजारचे दोन एवढ्याच ओळी शून्येतर असतात, त्यामुळे हजार बिंदूंचे जाळेही क्षणात सुटते. प्लांकचा स्थिरांक भागिले दोन पाय, आणि इलेक्ट्रॉनचे वस्तुमान, ही दोन्ही एक मानावीत, म्हणजे अतिलहान आकड्यांचा त्रास होणार नाही.

पद्धत बरोबर बसली का हे तपासण्यासाठी आधी मुक्त पुंजका सोडावा आणि त्याची रुंदी पाठ्यपुस्तकातील सूत्राशी जुळते का ते पाहावे. केवळ एकूण संभाव्यता एक राहिली म्हणून समाधान मानू नये. जाळे विरळ असले तर ती एकच राहते आणि पुंजका मात्र चुकीच्या वेगाने जातो. एका तरंगलांबीत निदान वीसएक बिंदू येतील इतके जाळे दाट असावे, आणि पुंजका जाळ्याच्या कडेला पोहोचण्यापूर्वीच गणित थांबवावे, नाहीतर कडेवरून परत आलेला तरंग मूळ तरंगात मिसळतो आणि जे दिसते ते पेटीतल्या इलेक्ट्रॉनचे उत्तर असते.